श्रेयाची भिंतीवरची एसटी

आमची नात श्रेया भिंती रंगवते. दुकानाच्या पाट्या नाय, चित्रं. आणि तीही अशी, की माणूस आत शिरल्याशिवाय पुरी होत नाय. आता तिला जालन्यापासून परभणीपर्यंत बोलावणी येतात. गावाकडं लोक विचारतात, "बद्रीनाथराव, नात काय करती?" मी सांगतो, "शहराला खेळवती." ते हसतात, मग मी त्यांना बसवून सगळी हकीकत सांगतो. चहा संपतो, हकीकत संपत नाय.

शिकून बाहेर पडल्यावर पोरीनं कुणी सांगेल ते रंगवलं. शाळेचे फळे काय, दवाखान्यातली फुलं काय. मनाजोगी पहिली भिंत मिळाली छावणीच्या बाजारात. तिथं तिनं भली मोठी सतार काढली, खऱ्या तारा ताणल्या आणि खाली लिहिलं, 'हात लावा'. माणसं आली, हात मागं बांधून बघून गेली. पोरगी लई हिरमुसली. मी म्हणालो, "अगं, जन्मभर आम्हाला 'हात लावू नको' शिकवलं. एका पाटीनं ते थोडंच सुटंल?"

दुसरी भिंत आमच्याच गल्लीत, गारखेड्यात. व्यंकटरावांच्या कंपाउंडची. हे निवृत्त हेडक्लार्क, शिस्तीचा माणूस. "गोंधळ झाला की दुसऱ्या दिवशी चुना," ही त्यांची अट. श्रेयानं मान डोलावली. पण ही भिंत गेली तर परत दवाखान्यातली फुलंच रंगवीन, असं ती बापाला कबूल करून बसली होती. मला झोप लागंना.

भिंतीला लागून सिमेंटचा ओटा होता. त्याच्या वर भिंतीवर तिनं एसटीचा आतला भाग काढला. खिडक्या, बाहेर गंगापूरच्या वाटेवरचा ऊस, वर सामानाची फळी. ओट्यावर बसलं की माणूस गाडीत! ह्या खेपेला पाटी नाय, सूचना नाय.

सकाळी भाजीवाली सरूबाई आली. टोपली उतरवली, चित्र निरखलं, आणि खिडकीपाशी रुमाल टाकून खुशाल पाणी प्यायला गेली. जागा धरली हो! मला असं हसू फुटलं की कवळी सांभाळावी लागली.

मग काय, रोज ओट्यावर रुमाल, पिशव्या, एकाचं तर हेल्मेट. शेवटी एका संध्याकाळी जुंपलीच.

"उठा बाई! माझा रुमाल दिसत नाय व्हय?" सरूबाई गरजली.

"रुमाल काय प्रवास करणार आहे? मी करतेय."

बसल्या होत्या कोण, तर व्यंकटरावांच्याच बायको यमुनाबाई!

आरडाओरडा ऐकून व्यंकटराव चुन्याची बादली घेऊनच बाहेर आले. श्रेयाचा चेहरा उतरला.

"यमुना, उतर खाली!"

यमुनाबाई मान वळवून उसाकडं बघत म्हणाल्या, "चालत्या गाडीतून कशी उतरू? थांबू तर द्या."

अख्खी गल्ली हसली. सरूबाईसुद्धा हसत हसत यमुनाबाईंना खेटून बसली आणि म्हणाली, "या साहेब, तिघांची सीट हाय."

व्यंकटरावांनी इकडं बघितलं, तिकडं बघितलं. बादली खाली ठेवली, धोतर सावरलं आणि बसले. मग श्रेयाला हाक मारली.

"पुढे अजून एक बाकडं टाक गं. तिघांत फार दाटी होते."

पोरीनं उभ्याउभ्याच सुताराला फोन लावला.