काचबाई आणि श्वासांचं झाड

कॉलेजच्या प्रयोगशाळेत एखाद्या फ्लास्कला तडा गेला, की मुलं तोंड बारीक करून तळमजल्यावरच्या शेवटच्या खोलीत जायची. तिथे काचबाई बसत. डोळ्यांवर गडद चष्मा, समोर बर्नरची निळी ज्योत, ओठांत रबरी नळी आणि बोटांत सतत गरगर फिरणारी काच. आणलेला फ्लास्क त्या उजेडात धरत आणि एकच प्रश्न विचारत, "आपटला की तापवला?" खरं सांगणाऱ्याला दुसऱ्या दिवशी फ्लास्क परत मिळे, थापा मारणाऱ्याला आठवड्याने. अशी सव्वीस वर्षं गेली. त्यांनी सांधलेली जागा नेमकी कुठली, हे विभागप्रमुखांना भिंग लावूनही सापडत नसे.

घरी मात्र या कसबाचं कुणाला फारसं अप्रूप नव्हतं. "हिचं काय, दिवसभर फुंकर मारायची," नवरा म्हणायचा. काचबाई हसून सोडून देत.

सासरे जन्मभर छापखान्यात मुद्रितं तपासत. दुसऱ्यांच्या चुका काढून कंटाळल्यावर निवृत्तीनंतर त्यांनी स्वतःचं पुस्तक लिहायला घेतलं. त्यात पाण्याखालचं एक राज्य होतं आणि राजवाड्याच्या चौकात काचेचं झाड. राज्यात मूल जन्मलं की त्याचा एक श्वास काचेच्या पानात कोंडायचा आणि ते पान झाडाला जोडायचं. ते माणूस दूर गेलं की पान निळं पडे, परतलं की उजळे. जेवताना सासरे नवा मजकूर वाचून दाखवत. नवरा ताटात डोकं खुपसून बसे. काचबाई मात्र घास हातात धरून ऐकत.

"बाबा, हे झाड टिकायचं नाही," एकदा त्या म्हणाल्या.

"का बरं?"

"श्वास भरून पानाचं तोंड ज्योतीवर बंद केलं, तर आतली हवा तापून फुगणार आणि मऊ काच फाडून बाहेर येणार. शिवाय जाड फांदीला पातळ पान जोडलंत, तर थंड होताना तडकणार."

"अगं, जादूची काच आहे ती!"

"मग जादूने झालं म्हणा की. 'कारागिराने केलं' असं कशाला लिहिलंय?"

सासरे ताटावरून उठले. दोन दिवस अबोला. तिसऱ्या दिवशी वही घेऊन स्वयंपाकघराच्या दारात हजर. "सूनबाई, मग तूच सांग. तो कारागीर काय करेल?"

काचबाईंनी आजवर नळ्या वाकवल्या, तोट्या बसवल्या, शोभेची म्हणून एक वस्तू कधी केली नव्हती. "करून बघते," त्या म्हणाल्या, "मग सांगते."

विभागप्रमुखांनी मोडक्या नळ्या वापरायची आणि रविवारी खोली उघडायची परवानगी दिली. पहिलं पान पट्कन फुटलं. दुसरं बंद झालं, पण थंड होताना बोळक्या तोंडासारखं आत गेलं. तिसऱ्या रविवारी त्यांनी पानाचं देठ ओढून ओढून केसाएवढं बारीक केलं, पान पुरतं गार होऊ दिलं आणि मग दूर देठाच्या टोकाला ज्योत नुसती लावून काढली. बंद झालं! श्वास आत राहिला. फांदी आणि पान यांच्यामध्ये मधल्या जाडीचा एक तुकडा घातला, तेव्हा सांधेही टिकले. तरी सावकाश निवायला भट्टीत ठेवलेलं पहिलं अख्खं झाड तडकलंच, कारण भट्टी गार व्हायच्या आधी दार त्यांनीच घाईने उघडलं. स्वतःला चार शिव्या घालून त्यांनी काचा झाडून काढल्या आणि पुन्हा पहिल्या फांदीपासून सुरुवात केली.

मग एका रविवारी घरच्यांना बोलावलं. काच त्या फिरवणार, रबरी नळीतून श्वास ज्याचा त्याने द्यायचा. नवऱ्याने गाल फुगवून असा जोर लावला, की पानाचा भोपळा झाला आणि फुटला.

"अहो, फुंकर मारायची होती," काचबाई म्हणाल्या. नवरा कानापर्यंत लाल झाला. चौथ्या खेपेला त्याला जमलं.

सासऱ्यांना दमा होता. त्यांनी फुंकलं, पुन्हा फुंकलं. काच जराही फुगली नाही. "राहू दे," ते नळी खाली ठेवत म्हणाले. "माझ्यात आता तेवढा दम नाही."

"चूक माझी आहे, बाबा. काच जाड राहिलीय. थांबा." काचबाईंनी काच आणखी तापवली, इतकी की ती मधासारखी लोंबायला लागली. ती पडू नये म्हणून बोटं भराभर फिरत होती. कपाळावरचा घाम पुसायलाही हात मोकळा नव्हता. "आता फुंकू नका. नुसता सुस्कारा सोडा."

सासऱ्यांनी सुस्कारा सोडला. वाटाण्याएवढं पान अलगद फुललं.

"एवढंसंच?"

"एवढंसंच. पण इतकी पातळ काच मला आजवर जमली नव्हती."

घरी जाऊन सासऱ्यांनी झाडाचं ते प्रकरण मुळापासून लिहून काढलं. प्रकाशकाने कारागिरीची चार पानं गाळायला सांगितली, तेव्हा मुद्रितं तपासणारा तो मवाळ माणूस पहिल्यांदा कुणावर तरी ओरडला. पानं राहिली. नवऱ्याने ती दोनदा वाचली, आणि तेही कुणी न सांगता.

घरच्यांच्या, शेजाऱ्यांच्या आणि कॉलेजातल्या माणसांच्या श्वासांचं, एकतीस पानांचं ते झाड कॉलेजच्या वाचनालयात काचेच्या कपाटात ठेवलं. ते बघून विभागप्रमुख खाली काचबाईंच्या खोलीत आले आणि म्हणाले, "पुढच्या सत्रापासून मुलांना शिकवाल?" काचबाईंनी आधी नाहीच म्हटलं, चार लोकांत बोलायची सवय नव्हती. सासरे म्हणाले, "बोलू नकोस. करून दाखव."

पहिल्या तासाला अकरा मुलं आली. सगळ्यांना झाडच करायचं होतं. काचबाईंनी प्रत्येकाच्या हातात एकेक थंड नळी दिली आणि तासभर ती नुसती सारख्या वेगाने फिरवायला लावली. दुसऱ्या तासालाही अकराच्या अकरा आली.