विळी आज पूजेत आहे

त्या कागदावर 'शस्त्र' असा एक रकाना होता आणि त्यात माझ्यासाठी 'चाकू' लिहिलेलं होतं, तेही पेन्सिलीनं. मी चाकू मागितला नव्हता. मी विळी मागितली होती.

हे वहीत लिहिते आहे, कारण तोंडानं मला सलग सांगता येत नाही. चार माणसं जमली की माझा आवाज आपोआप आत जातो. वहीसमोर तसं होत नाही.

इथं कानडी मुलखात, राजाजीनगरच्या घरात आम्ही चौघं राहतो: अण्णा म्हणजे माझा थोरला भाऊ, वहिनी, त्यांची मुलगी आणि मी. ती तिघंही कामाला जातात, स्वयंपाकघर माझ्याकडे. दर रविवारी दुपारी भाचीचे मित्र येतात आणि हॉलमधल्या टेबलाभोवती बसून एक खेळ खेळतात. त्यात पत्ते नाहीत, सोंगट्या नाहीत. प्रत्येकानं एक सोंग घेऊन त्याची माहिती एका कागदावर लिहायची, कुणी योद्धा व्हायचं, कुणी वैद्य, कुणी चोर. भाची गोष्ट सांगते. तुम्ही जंगलात आलात, समोरचा पूल तुटलेला आहे, काय करता? मग ज्यानं त्यानं आपण काय करतो ते सांगायचं, आणि ते जमलं की नाही हे वीस बाजूंचा फासा टाकून ठरवायचं.

मी त्याच हॉलमध्ये बाल्कनीच्या दाराशी विळी घेऊन बसायची, कारण तिथं उजेड चांगला येतो. अवरेकाळूच्या, म्हणजे पावट्याच्या, दिवसांत शेंगा सोलायच्या, एरवी संध्याकाळची भाजी चिरायची. वर्षभर तशी बसले. नियम इंग्रजी पुस्तकात होते, पण भांडणं मराठीत, कानडीत आणि हिंदीत होत, त्यामुळे मला सगळे नियम भांडणांतून पाठ झाले.

मग त्यांच्यातला एकजण दुसऱ्या गावी गेला. उरले दोघं, आणि गोष्ट सांगणारी भाची.

"आत्या, बस ना," ती म्हणाली. "दोघांत लढाई होत नाही."

उरलेल्या दोघांत एक शेजारची कानडी मुलगी होती, ती खेळात वैद्य. दुसरा पुण्याहून नोकरीला आलेला तरुण, जे. पी. नगरहून मेट्रोनं यायचा, तो तलवारवाला. नियमांचं पुस्तक त्याला तोंडपाठ.

"काकू खेळणार? सीरियसली?" तो हसला. "मग पोह्यांचं काय?"

"पोहे झालेत, ओट्यावर आहेत," मी म्हटलं आणि बसले. त्या दिवशी एवढंच बोलले.

मी मंत्र म्हणणारीचं सोंग घेतलं. तिनं बोलायचं कमी आणि बोललं की काहीतरी घडायचं. मला ते आवडलं.

पण खेळात मंत्र नुसता हवेत सुटत नाही. त्याला वाहून न्यायला काठी, स्फटिक, तसलं काहीतरी हातात लागतं. पाचव्या पायरीवर पोचलं की मात्र आपलं शस्त्रच मंत्रासाठी बांधून घेता येतं. मग मंत्र त्या शस्त्रात उतरतो आणि पात्यातून बाहेर पडतो. एकदा बांधलं की तो त्याच वाटेनं जाणार, दुसऱ्या कशातून नाही. पुण्याच्या तरुणानं तलवार बांधली होती. तो वार करी आणि पात्यातून आग निघे. शाळेत मी चौथीच्या पुढे गेले नाही, पण खेळात सात महिन्यांत पाचव्या पायरीवर आले.

"बोल आत्या," भाची म्हणाली, "कोणतं शस्त्र बांधतेस?"

"विळी."

 पुणेकर हसला. वाईट हसला असं नाही, पण हसला.

"काकू, विळी लिस्टमध्ये नाहीये."

"काय काय आहे?"

"तलवार, भाला, कुऱ्हाड, गदा, चाकू. चाकू घ्या ना. सेमच आहे."

"सेम नाही."

"अहो, ती किचनमधली वस्तू. वेपन नाही. उद्या कुणी लाटणं आणेल."

कानडी मुलीनं डावा हात टेबलावर ठेवला. बोटावर पांढरा वण होता. "ईळिगेमणे ना? आमच्या अज्जीची. लहान होते तेव्हा. तीन टाके. कोण म्हणतं वेपन नाही?"

मला राग आला होता. मी उठले, बाल्कनीच्या दाराशी ठेवलेली विळी आणली, टेबलाशेजारी जमिनीवर मांडली, पातं उभं केलं आणि पाटावर पाय दाबून बसले. उभं राहून मला जे बोलता आलं नसतं ते तिथं बसून आलं.

"तुझ्या एका हातात तलवार," मी पुणेकराला म्हटलं. "दुसऱ्यात ढाल. मंत्राला एक हात मोकळा लागतो. म्हणून दर वेळी तू ढाल खाली टाकतोस आणि मार खातोस."

"तो रूल आहे, काकू. त्याच्यावर मी सहा महिने भांडतोय."

"ऐकलंय मी. आता हे बघ. विळी पायाखाली असते. पाय दाबला की पातं हलत नाही. माझे दोन्ही हात मोकळे."

तो माझ्या हातांकडे बघत राहिला. मग म्हणाला, "आणि शत्रू काय, चालत येऊन विळीवर पडणार?"

"भोपळा येतो का चालत? मी आणते. दोन्ही हातांनी."

कानडी मुलगी टेबलावर डोकं ठेवून हसायला लागली. भाची पुस्तकाची पानं उलटत होती. "दोन्ही हात मोकळे," ती स्वतःशी म्हणाली. "नियमात बसतंय रे."

"लिस्टमध्ये नाही," तो म्हणाला. "लिस्ट म्हणजे लिस्ट."

भाचीला कुणालाच दुखवायचं नव्हतं. ती म्हणाली, मंत्र विळीतून चालू दे, पण तिला शस्त्र म्हणायचं का ते मी विचार करून सांगीन, तोपर्यंत पेन्सिलीनं चाकू लिहा. वाराचा जोर मोजायला चाकूला खेळात चार बाजूंचा सगळ्यात छोटा फासा मिळतो. तो तिनं माझ्यापुढे ठेवला.

त्यानंतर दर रविवारी मी म्हणे, "मी विळी मांडते," आणि तो म्हणे, "चाकू." मी पुन्हा म्हणे, "विळी." एकदा मी खोडरबरानं तो शब्द पुसून टाकला. पुढच्या रविवारी चाकू परत आला होता, त्याच्या अक्षरात. भाचीचा विचार काही संपत नव्हता. मला माहीत होतं तो संपणार नाही. आमच्या घरात माझ्याबद्दलचे विचार असेच वर्षानुवर्षं चालतात.

मग नवरात्रातली नवमी आली, आणि त्या वर्षी ती रविवारीच आली.

नवमीला इथं सगळं गाव आपापली हत्यारं पुजतं. रिक्षांना केळीची पानं, बसना झेंडूच्या माळा, यशवंतपूरकडच्या कारखान्यांत यंत्रांना हळदकुंकू. आणि पूजेत मांडलेलं हत्यार त्या दिवशी वापरायचं नाही. वर्षभर राबलेल्याला एक दिवस विसावा. आमच्याकडे देवापुढे पाटावर ओळीनं मांडतात. सगळ्यात पुढे पणजोबांची कट्यार. तिनं माझ्या आठवणीत लिंबूसुद्धा कापलेलं नाही. मग अण्णाचे पाने आणि स्क्रूड्रायव्हर, वहिनीची कात्री, भाचीचा लॅपटॉप. गाडी खाली रस्त्यावर.

विळी त्या ओळीत कधीच नव्हती. लहानपणी मी आईला विचारलं होतं. ती म्हणाली, "तिला ठेवली तर सणाची भाजी कशानं चिरायची?" पन्नास वर्षं मला हे उत्तर पुरलं. त्या वर्षी पुरलं नाही.

सकाळी मी विळी चिंचेनं घासली, पुसली, पात्याला कुंकवाची पाच बोटं लावली, वर एक झेंडू ठेवला आणि कट्यारीच्या शेजारी मांडली. घरातली सुरीही तिच्यापुढे ठेवली.

अण्णा सोवळं नेसून आला. "ही इथं कशाला?"

"पूजेला."

"आणि स्वयंपाक?"

"आज विळी वापरायची नाही."

"सणाच्या दिवशी? पल्याची भाजी कशानं चिरणार? चित्रान्नाला लिंबू कशानं कापणार?"

"कट्यारीनं."

"ती पूजेत आहे!"

"हीपण."

 मग त्याला मुद्दा सुचला. "अगं, पायाखाली घेतो आपण तिला. पाय लागलेली वस्तू देवापुढे?"

"मग गाडीचा ब्रेक काय हातानं दाबतोस, अण्णा?"

वहिनी दारात फुलं निवडत होती. ती फिसकन हसली आणि मग घाईनं म्हणाली, "सरी, सरी, राहू द्या. दहीभात करू. एक दिवस काय होतंय?"

अण्णानं पूजा केली. कट्यारीला अक्षता टाकल्या, आणि विळीवरून हात तसाच पुढे न्यायला लागला. मी तिथून हलले नाही. त्यानं माझ्याकडे पाहिलं आणि विळीलाही अक्षता टाकल्या. नंतर गाडीपुढे फोडायचा कोहळा घेऊन तो घरभर फिरत होता. कोहळ्याला भोक पाडून आत कुंकू भरायचं असतं, आणि भोक पाडायला घरात एकही हत्यार मोकळं नव्हतं. शेवटी कुंकू वरूनच चोळून त्यानं तो तसाच रस्त्यावर आपटला. फुटला. व्यवस्थित फुटला.

दुपारी दोघं आले. दहीभात खाल्ला. भाचीनं लॅपटॉप पूजेत ठेवला होता, पण फाशांची पिशवी ठेवली नव्हती.

"फासे नाही ठेवलेस?" मी विचारलं.

"ते दुपारी लागतात ना, आत्या."

 आईचंच उत्तर होतं ते.

त्या दिवशी गोष्टीत किल्ल्याच्या दारात दगडाचा राक्षस उभा होता. पुणेकराच्या तलवारीतून आग निघाली आणि दगडावरून तशीच ओघळून गेली. पुन्हा मारली, पुन्हा तेच. वैद्याच्या मुळ्या संपत आल्या. दगड तडकवायला थंडीचा मंत्र हवा होता आणि तो फक्त माझ्याकडे होता.

"काकू, तुमचा टर्न. थंडी टाका, फिनिश."

"आज नाही."

"म्हणजे?"

मी देवाच्या पाटाकडे बोट दाखवलं. "विळी आज पूजेत आहे."

"अहो, ती घरातली! गेममधली वेगळी!"

"माझ्याकडे एकच आहे."

"ए, सांग ना तू यांना," तो भाचीला म्हणाला. भाचीनं हात वर केले. ज्याचं सोंग त्यानंच ठरवायचं, हा नियम त्यालाच जास्त पाठ होता.

भाचीनं राक्षसाचा फासा टाकला. वैद्य पडली. "अय्यो," ती कानडी मुलगी म्हणाली आणि माझ्याकडे बघून डोळा मिचकावला.

"काकू, प्लीज. आपण सगळे मरू."

"तुझ्या कागदाप्रमाणे माझ्याकडे चाकूच आहे," मी म्हटलं. माझा आवाज थरथरत होता, पण बाहेर येत होता. "चाकूनं दगडाचं काय होणार? सोड."

"चाकू नाही हो, विळी! विळी! तुमचं वेपन आहे ना ते, काढा की बाहेर!"

भाचीनं पेन खाली ठेवलं. "हेळिद्रु, हेळिद्रु!" कानडी मुलगी पडल्यापडल्या ओरडली. "म्हणाला! वेपन म्हणाला!"

तो लाल झाला. मग स्वतःच हसायला लागला आणि दोन्ही हातांनी तोंड झाकलं.

मी खोडरबर मागितलं. 'चाकू' पुसला. मग भाचीचं पेन घेतलं आणि त्या जागी 'विळी' लिहिलं. माझं अक्षर मोठं येतं. वेलांटी रकान्याच्या वर गेली आणि तिथंच राहिली. चार बाजूंचा फासा मी भाचीकडे परत सरकवला. तिनं आठ बाजूंचा दिला, तलवारीला देते तोच.

"झालं ना?" पुणेकर म्हणाला. "आता काढा."

"आज नाही म्हटलं ना."

त्यानं कपाळावर हात मारून घेतला. आम्ही वैद्याला उचलून पुलावरून मागे पळालो. वैद्याला खांद्यावर घ्यायला त्याचा हात मोकळा हवा होता, म्हणून त्याची ढाल किल्ल्याच्या दारातच राहिली. तिची हळहळ त्याला अजून लागून राहिली आहे.

दशमीला सकाळी मी अंघोळ करून आले तर अण्णा देवापुढे उभा होता. हातात पपई.

"विळी घेऊ का आता?" त्यानं विचारलं.

इतक्या वर्षांत त्यानं ती कधी विचारून घेतली नव्हती.

"थांब," मी म्हटलं. "आधी तिची पूजा उतरू दे."

तो पपई घेऊन थांबला.

पुढच्या रविवारी राक्षस तिथंच होता. पात्यावरचं कुंकू मी पुसलं नव्हतं. पाळी आली तेव्हा कुणी चाकू म्हटलं नाही. मी विळीच्या पाटावर पाय दाबला आणि दोन्ही हात पुढे केले.