डेझीच्या उतारावरचा साप

सगळी इमारत त्यांना कटिंगवाले म्हणायची. केस कापायचे म्हणून नव्हे, तर रस्त्याकडेचं गवत कापायचं मशीन खांद्याला अडकवून उभी हयात हिंडले म्हणून. स्वतःच्या डोक्यावर कापण्याजोगं काही उरलं नव्हतं, आणि ही थट्टा दुसऱ्या कुणी करायच्या आत ते स्वतःच करून मोकळे व्हायचे.

त्यांच्या स्वयंपाकघराच्या खिडकीसमोर मोठ्या रस्त्याचा भराव होता. खडी आणि मुरूम, माती नावापुरती. त्या उतारावर रानडेझी उगवायची. पांढऱ्या पाकळ्या, मध्ये पिवळं बटण. बागेतल्या खतापाण्यावर रुसणारं हे झाड त्या दगडधोंड्यांत मात्र खुशाल नांदायचं. वरचा भाग वाळून गेला तरी मूळ खाली तग धरून असायचं आणि पुढच्या वर्षी स्वारी पुन्हा हजर.

बायको पडली, कंबरेचं हाड मोडलं, तेव्हापासून ती खिडकी हेच तिचं जग झालं. बाजारातून येताना चार ठिकाणी गप्पा मारल्याशिवाय घरी न पोचणारी बाई ती. आता जिना बंद. मागितलं तिने काहीच नाही. फुलांकडे बघत एकदा एवढंच म्हणाली, "हे दिसतंय तोवर माझं बरं चाललंय म्हणायचं."

ते वाक्य कटिंगवाल्यांच्या काळजात जाऊन बसलं. त्यांनी ठरवलं, या उताराला मशीन लावायचंच नाही. फुलं असताना नाही आणि बहर सरल्यावर वाळक्या काडीलाही नाही. मुकादमाने कारण विचारलं तर ठोकून दिलं की तिथे साप आहे. जन्मात खोटं न बोललेल्या माणसाची पहिलीच थाप, पण अशी काही लागू पडली की मुकादम दोन पावलं मागे सरला आणि पुन्हा त्या बाजूला फिरकला नाही.

पुढच्या बहराला फुलं निम्मी आली. त्याच्या पुढच्या वर्षी गवत कमरेला लागलं, काटेरी झुडपं शिरली आणि डेझी कुठे कुठे, शोधावी लागे. कटिंगवाले हवालदिल झाले. घरातून पाणी नेऊन घातलं, खत टाकलं. तरारली ती झुडपंच. बायको खिडकीत बसून हसत म्हणायची, छान हिरवंगार दिसतंय. तिचं ते हसू त्यांना बघवत नसे.

त्या वर्षीची उरलीसुरली फुलं सुकली, आणि बायको म्हणाली, "अहो, कापून टाका ते सगळं."

होती नव्हती ती रोपंही जातील, कटिंगवाले म्हणाले. तिने आठवण करून दिली की पूर्वी दर वर्षी बी गळून गेलं की ते हाच उतार साफ करायचे, आणि फुलं तर तेव्हाच दाटून यायची. दुसऱ्या दिवशी कटिंगवाल्यांनी मशीन खांद्याला अडकवलं आणि उताराकडे निघाले.

सापाचं काय झालं, असं मुकादमाने विचारलं. गेला, म्हणाले. झुडपं खणून काढली, गवत कापून उचलून नेलं. उतार पार बोडका झाला, आणि नंतर कित्येक महिने त्यांना खिडकीकडे बघायचा धीर झाला नाही.

मग एका सकाळी बायकोने हाक मारली. भराव पांढरा झाला होता, वरपासून खालपर्यंत.

"तुला आधीच कळलं होतं ना? मग बोलली का नाहीस?" त्यांनी विचारलं.

"तुम्ही माझ्यासाठी राखलं होतं ते. सापाची थाप खिडकीतून ऐकली होती मी. माझ्यासाठी कुणी कधी खोटं बोललं नव्हतं हो. ती झुडपं बघूनसुद्धा मला बरं वाटायचं."

"मग कापायला का सांगितलंस?"

"तुमचं तोंड बघवेना."

देवाने आपल्याला फार दिलं, असं कटिंगवाल्यांना वाटलं, आणि ते त्यांनी तिला बोलूनही दाखवलं. मग खुर्ची ओढून ते तिच्या शेजारी बसले. कामाला त्या दिवशी उशीर झाला.