तंबूची चेन आणि बांगडीतली पिन

बाळांनो, आमच्या द्वारकेच्या सोसायटीने बागेत एका रात्रीसाठी तंबू ठोकले, तेव्हा तुमच्या आजोबांच्या हट्टापायी आम्हीही तिथे राहिलो. तंबूच्या दाराला कडी नव्हती. नुसती चेन, आणि तीही बाहेरून कोणालाही उघडता येणारी! माझा काही त्यावर विश्वास बसेना. सकाळी आजोबा चहा आणायला गेले, तशी मी बांगडीतली सेफ्टी पिन काढून चेन आतून अडकवली. थोड्याच वेळात कापडावर एक सावली वाकली आणि चेन खेचू लागली.

"कौन है?" मी ओरडले.

"अगं, मी! चहा गार होतोय."

आवाज ओळखीचा होता, पण चेहरा कुठे दिसत होता?

"काल मी भाजी कसली केली होती, सांगा."

"कसली ते आठवत नाही, पण मीठ नव्हतं!"

मी लगेच पिन काढली. तंबूला खिडकी असती, तर हे सगळ्या सोसायटीने ऐकले नसते.