एका खोलीतली अकरा खाती

एल्डन रस्टाडने मोठ्या सरोवराकाठच्या डुलुथ शहरातल्या एका कॉलेजच्या ग्रंथालयात एकतीस वर्षं काढली. निवृत्त झाल्यावरही दर मंगळवारी सकाळी तो दुसऱ्या मजल्यावरच्या संगणकखोलीत यायचा, कॉफीचा थर्मास खिडकीत ठेवायचा आणि मुलांना ऑनलाइन विश्वकोशात लिहायला शिकवायचा. शिकवणं म्हणजे काय, तर मुलाच्या मागे उभं राहून हळूच विचारायचं, "हे तुला कुठून कळलं?" पुस्तकाचं पान किंवा वर्तमानपत्राची तारीख हाती येईपर्यंत तो तिथून हलत नसे. मुलांनी त्याचं नावच 'कुठून कळलं' पाडलं होतं. त्याला ते ठाऊक होतं आणि मनातून आवडतही होतं.

तो स्वतः चौदा वर्षं त्या विश्वकोशात लिहीत होता. लेख बहुतेक दीपगृहांचे आणि सरोवरात बुडालेल्या जहाजांचे. इतक्या वर्षांत कोणी त्याला कधी टोकलं नव्हतं. बायको गेल्यावर माणसांत मिसळणं जवळजवळ संपलं होतं. चार लोकांत त्याचं जे काही नाव होतं, ते तिथेच होतं.

त्या वर्षीच्या बारा मुलांत शेल्बी गर्नो होती. कोळ्यांच्या घरातली, सरोवराच्या पलीकडच्या किनाऱ्यावरच्या ओजिब्वे या मूळनिवासी लोकांच्या वस्तीतली. वर्गात तिचा आवाज कोणी ऐकला नव्हता. तिने लेख लिहिला तो आजीच्या बहिणीवर, डेल्मा गर्नोवर. मासे साफ करायच्या शेडमधल्या बायकांना घेऊन या डेल्माने १९५८ साली काम बंद पाडलं होतं. सात आठवडे खपून शेल्बीने दोन जुन्या बातम्या शोधल्या आणि लेख विश्वकोशात टाकला.

गुरुवारी कोणीतरी त्यावर पाटी लावली: आधार अपुरा, लेख काढून टाकावा. सात दिवस चर्चा, मग निर्णय.

मंगळवारी शेल्बी वर्गात आलीच नव्हती. बाकीची मुलं मात्र खवळली होती.

"आपल्या शेल्बीचा लेख काढतायत, आणि आपण बघत बसायचं?" एक जण म्हणाला.

"मिस्टर रस्टाड, आपणही मत देऊ शकतो ना?" दुसरीने विचारलं.

चर्चेसाठी ओळखीची माणसं गोळा करायची नाहीत, हा नियम एल्डनने दुसऱ्याच आठवड्यात फळ्यावर लिहिला होता. पण मुलांनी लेख वाचला होता, ती मनापासून बोलत होती. शिवाय त्याला स्वतःलाही तो लेख राहायला हवा होता.

"जे खरं वाटतं ते लिहा," तो म्हणाला.

दहा मिनिटांत अकरा खात्यांवरून अकरा मतं पडली. सगळ्यांचं म्हणणं एकच, लेख ठेवा.

बुधवारी सकाळी बाराही खाती बंद झालेली होती. एकाच खोलीतून, एकाच इंटरनेट जोडणीवरून, एकापाठोपाठ एक मतं आल्यावर विश्वकोशाच्या कारभाऱ्यांनी सरळ अर्थ काढला होता: माणूस एक, मुखवटे अकरा. आणि तो माणूस म्हणजे लेख लिहिणारी. शेल्बीच्या पानावर लाल चौकट आली: या खात्याने खोटी खाती उघडून फसवणूक केली.

एल्डन प्रिंटआउट घेऊन ग्रंथालयप्रमुख ग्वेनकडे गेला.

"मी सांगितलं होतं त्यांना. तसं लिहून टाकतो," तो म्हणाला.

"बस आधी," ग्वेन म्हणाली. "तू लिहिलंस की तुझं खातं जाईल, वर हा वर्गही जाईल. तीन आठवड्यांत सत्र संपतंय. मुलांना खाती काय, नवी उघडता येतील."

"आणि शेल्बी?"

"एल्डन, त्या चौकटी कोण वाचतं?"

आपण वाचतो, असं त्याच्या ओठावर आलं होतं. पण प्रिंटआउटची घडी घालून तो घरी गेला. दुपारी फोन वाजला, ग्रंथालयाचा नंबर होता. सिंकपाशी उभा राहून तो वाजणारा फोन बघत राहिला. थोड्या वेळाने पुन्हा वाजला. त्याने तेव्हाही उचलला नाही.

गुरुवारी सकाळी चर्चा संपली, लेख गेला. दुपारी शेल्बी संगणकखोलीच्या दारात उभी राहिली. अंगात कोट तसाच, हातात एक झेरॉक्स.

"इतिहास मंडळाच्या जुन्या कागदांच्या खोक्यात सापडलं. कामगार संघटनेचं पत्रक आहे. अर्धं पान तिच्यावर, फोटोसकट," ती म्हणाली. "मंगळवारी मी हेच शोधत होते. काल मिळालं. टाकायला गेले तर खातं बंद. मग इथून तुम्हाला दोनदा फोन लावला."

"मी घरीच होतो," एल्डन म्हणाला.

तिने झेरॉक्स घडी करून कोटाच्या खिशात घातली.

"मुलांना मत द्यायला मी सांगितलं, शेल्बी. कालच तसं लिहून टाकायला हवं होतं. नाही लिहिलं. घाबरलो."

"तुम्ही?" ती हसली, पण ते हसणं धड नव्हतं. "दरवेळी आम्हाला विचारता, कुठून कळलं, कुठून कळलं. एकदा मला विचारायचंत ना, मी कुठे आहे ते! वस्तीवर माझ्या मामाने ती चौकट वाचली. म्हणाला, डेल्माच्या नावाने खोटेपणा केलास?"

ती गेल्यावर एल्डन संगणकासमोर बसला. सहा ओळी लिहायला त्याला पाऊण तास लागला. मतं द्यायला मी सांगितलं, मुलांना दोष नाही, शेल्बी गर्नो त्या दिवशी खोलीत नव्हती. बुधवारीच हे ठाऊक असून मी गप्प राहिलो, हेही त्याने लिहिलं. एकदा खोडलं आणि पुन्हा लिहिलं.

शुक्रवारी मुलांची खाती उघडली आणि लाल चौकट पुसली गेली. एल्डनचं खातं सहा महिन्यांसाठी बंद झालं आणि विश्वकोशाने त्याला वर्ग घेण्याची कायमची मनाई केली. लेखाबद्दल एकच ओळ आली: नवा आधार असल्यास पुन्हा लिहिता येईल, मात्र आता कसून तपासला जाईल.

पुढच्या मंगळवारी वर्ग ग्वेनने घेतला. सवयीने एल्डन दुसऱ्या मजल्यापर्यंत आला होता. थर्मास हातात धरून बाहेरच्या बाकावर बसला. थोड्या वेळाने शेल्बी बाहेर आली. तिने पत्रकाची झेरॉक्स आणि हाताने लिहिलेली दोन पानं त्याच्या शेजारी ठेवली.

"यातल्या तारखा ताडून बघा," ती म्हणाली. "मी माफ केलेलं नाही. पण यावेळी एकही चूक चालणार नाही."

एल्डनने खिशातून चष्मा काढला. ती समोरच्या भिंतीला टेकून उभी राहिली, बाकावर बसली नाही. पहिली तारीख बरोबर होती. दुसरीवर त्याने बोट ठेवलं, मान वर केली, आणि नेहमीचा तो प्रश्न विचारायचं त्याला धैर्य होईना.

"विचारा," शेल्बी म्हणाली.