गिरेक 'कट' म्हणाला नाही

गिरेक केर्वेला हा माणूस घाबरट होता. मी हे त्याच्या तोंडावर म्हणायचे. त्याला ते आवडायचं.

तो फ्रान्समधल्या ब्रिटनीच्या किनाऱ्यावरचा. आई मासळीच्या कारखान्यात डबे भरायची. बाप ओहोटीच्या वाळूत शिंपले गोळा करायला गेला आणि भरतीत सापडून बुडाला. त्यानंतर आईने मुलाला समुद्र अडवणाऱ्या भिंतीपलीकडे पाऊल टाकू दिलं नाही. आयुष्य पाण्याकाठी गेलं, पण गिरेकला पोहता येत नव्हतं.

पहिला चित्रपट त्याने कारखान्यातल्या बायकांवर केला. गावच्या थिएटरात त्याच बायका पाहायला आल्या आणि पडद्यावर स्वतःला बघून इतक्या बडबडल्या, की संवाद कुणालाच ऐकू आले नाहीत. दुसरा चित्रपट पॅरिसमध्ये आठवडाभरही टिकला नाही. मग बरीच वर्षं लोण्याच्या जाहिराती. तिसऱ्या चित्रपटासाठी त्याने मला बोलावलं. मी साहित्य शिकून त्याच्याच गावात घरी बसले होते. प्रत्येक शॉटची नोंद ठेवत त्याच्या शेजारी बसायचं, हे माझं काम.

"मला तुम्ही म्हणू नकोस," पहिल्याच दिवशी तो म्हणाला. "म्हातारं झाल्यासारखं वाटतं."

"म्हातारा आहेसच."

"मग निदान मित्र म्हण, पोरी."

शूटिंग असलं की रोज सकाळी तो गाडीमागे जाऊन ओकायचा. भीतीने. त्याशिवाय कुणी कॅमेऱ्याला हात लावत नसे. कॅमेरामन ओनोरे ओरडून विचारायचा, "झालं का रे? की अजून कॉफी पाजू?" सगळे हसायचे. गिरेकही तोंड पुसत हसायचा.

त्याची आणखी एक सवय होती. प्रसंग संपला तरी तो 'कट' म्हणत नसे. नटांचं बोलून व्हायचं, करून व्हायचं, तरी कॅमेरा चालूच. खरं काही घडलं तर ते त्यानंतरच घडतं, असं तो म्हणायचा. कट म्हणायचा हक्क फक्त त्याचा. एकदा एका सहायकाने शॉट मध्येच थांबवला, तर गिरेक चित्रपट संपेपर्यंत त्याच्याशी बोलला नव्हता. त्यामुळे आम्ही थांबायचो. श्वाससुद्धा जपून घ्यायचो.

त्या सकाळी तो गाडीमागे गेला नाही. खारं लोणी लावलेल्या दोन पोळ्या खाल्ल्या. मी पाहतच राहिले.

"आज काय?"

"आज भीती वाटत नाही."

"का?"

"माहीत नाही. डोकं हलकं वाटतंय."

ओनोरेने हे ऐकलं. तो हसला नाही. "मला नाही आवडलं," एवढंच म्हणाला.

शॉट साधा होता. नायिकेचं काम करणारी आझिलीझ ओहोटीच्या वाळूत दूर उभी. कॅमेऱ्याकडे पाठ, नजर समुद्रावर. ती नवऱ्याच्या होडीची वाट पाहतेय. भरतीचं पाणी घोट्याशी येईल, गिरेक कट म्हणेल, ती वळून परत येईल. एवढंच.

पाणी घोट्याशी आलं.

गिरेक काही बोलला नाही. आम्हाला नवल वाटलं नाही.

आमच्याकडे भरती फक्त समोरून येत नाही. ती वाळूतल्या चरांतून पाठीमागेही शिरते. आझिलीझ आणि आमच्यामध्ये पाणी चकाकू लागलं. तिला ते दिसत नव्हतं. ती हलली नाही. ती गिरेकला ओळखत होती.

पाणी तिच्या गुडघ्यांवर गेलं. कॅमेऱ्यावरून डोळा न काढता ओनोरे पुटपुटला, "झोपला की काय हा?"

मी गिरेककडे पाहिलं. त्याचे ओठ हलत होते. आवाज येत नव्हता. त्याने पुन्हा ओठ हलवले. तोंडाची एक बाजू खाली ओघळली होती. डोळे जागे होते. आजवर मी कुणाला इतकं घाबरलेलं पाहिलं नव्हतं.

मी त्याची बाही पकडली. ती सोडवून तो उठला आणि एक पाय ओढत पाण्याकडे निघाला. चरात उतरला. कमरेपर्यंत पाणी. पोहता न येणारा गिरेक.

"फ्रेममध्ये कोण शिरलं?" ओनोरे म्हणाला आणि त्याने मान वर केली. "अरे, हा तर..."

मी कट म्हणून ओरडले. वाऱ्याने ते तिच्यापर्यंत पोहोचू दिलं नाही. पण पाण्याचा आवाज ऐकून ती वळली. गिरेक तेव्हा पडत होता. तिने आधी त्यालाच धरलं. आम्ही दोर घेऊन धावलो.

मेंदूत रक्ताची गाठ होती, डॉक्टर म्हणाले. जीव वाचला. शब्द गेले.

हिवाळ्यात चित्रपट जोडायला बसलो. संकलनाच्या खोलीच्या दारात गिरेक थबकला, पोटावर हात दाबून मोरीकडे वळला. आतून ओकण्याचा आवाज आला. ओनोरेने माझ्याकडे पाहिलं.

तो शॉट पडद्यावर सुरू झाला. घोटा. गुडघे. संकलकाने विचारलं, "कुठे तोडू, गिरेक?"

गिरेक पडद्याकडे बघत राहिला. पाणी चढत होतं. आझिलीझला काही झालेलं नाही, ती पॅरिसला आहे, कालच तिचा फोन आला होता, हे मला माहीत होतं. तरी मी पडद्याकडे झुकले. याही वेळी त्याला शॉट थांबवता आला नाही तर?

मग त्याने टेबलावर बोट आपटलं. एकदाच.

ती जागा मी ओळखली. पाणी गुडघ्यांवर होतं; 'कट' म्हणायला त्याचे ओठ हलताना मी पहिल्यांदा पाहिले, तोच तो क्षण होता.