श्वास तुटतो ती जागा

लंडनमधल्या ईलिंगच्या त्या घरात मी वर राहायचे आणि खाली एक म्हातारे सॅक्सोफोनवादक. मी नागपूरची, सॉफ्टवेअर टेस्टिंगच्या नोकरीसाठी वर्क व्हिसावर आलेली. ते जमैकाचे, विशीत बोटीने आलेले. दिवसा बिस्किटांच्या कारखान्यात काम आणि संध्याकाळी क्लबात जॅझ, अशी त्यांची बरीच वर्षं गेली. एकोणीसशे साठच्या दशकात त्यांच्या चार रेकॉर्ड निघाल्या. पुढे छातीने दगा दिला आणि वाजवणं सुटलं. मी राहायला गेले तेव्हा सॅक्सोफोन पेटीत बंद होता आणि हातात इनहेलर असायचा.

हे गृहस्थ कोण आहेत ते मला फार उशिरा कळलं. एकदा संगीत शिकवणाऱ्या एक बाई चार विद्यार्थ्यांना घेऊन त्यांना भेटायला आल्या. खुर्च्या कमी पडल्या म्हणून मी माझ्या दोन खाली नेल्या आणि तिथेच थांबले. त्यांच्या तिसऱ्या रेकॉर्डमधली एक लांब, संथ सुरावट विद्यार्थ्यांनी स्वरलिपीत उतरवून आणली होती. जगभरचे वादक म्हणे ती शिकतात. तिच्या मध्यावर, सूर चढत असताना, सॅक्सोफोन अचानक थांबतो आणि मग खालून पुन्हा सुरू होतो. आपल्याकडे गाण्यात जिला 'जागा' म्हणतात, तशी ती त्यांची जागा. कागदावर तिथे दोन मात्रांची शांतता लिहिली होती.

एका मुलीने विचारलं, "ही शांतता तुम्हाला सुचली कशी?"

"अशीच," ते म्हणाले आणि चहाचं विचारायला उठले.

रेकॉर्डच्या मूळ टेप हरवल्या होत्या, कंपनी केव्हाच बंद पडली होती. त्यांच्याकडे उरल्या होत्या त्या मित्रांनी भरून दिलेल्या कॅसेटी, त्याही झिजत चाललेल्या. मी म्हटलं, "मी कॉम्प्युटरवर घेऊन सीडी करून देते." तेव्हापासून रविवारी दुपारी मी लॅपटॉप घेऊन खाली जायला लागले. कॅसेट जेवढी लांब, तेवढा वेळ बसून ऐकावंच लागायचं. ते आल्याचा चहा करायचे आणि डोळे मिटून बसायचे. मधेच "हा ड्रमवाला गेला," "हा पियानोवाला गेला," एवढंच सांगायचे. मला जॅझ कळत नव्हतं. पण ऐकता ऐकता त्यांचा सूर मला ओळखू यायला लागला, माणसाचा आवाज ओळखू यावा तसा.

त्याच सुमारास मी व्हिसा वाढवायला अर्ज केला होता आणि पासपोर्ट क्रॉयडनच्या इमिग्रेशन ऑफिसात होता. एका गुरुवारी सकाळी भावाचा फोन आला. बाबा गेले होते. झोपेतून उठलेच नाहीत.

मी तशीच क्रॉयडनला गेले. काउंटरवरच्या बाईंनी सगळं नीट ऐकून घेतलं. अर्ज मागे घेतला तरी पासपोर्ट हातात यायला काही दिवस लागतील, म्हणाल्या. दोष कुणाचाच नव्हता. नागपुरात अंत्यविधी माझ्यासाठी थांबवणं शक्य नव्हतं. भावाने मोबाइल बाबांजवळ धरला आणि स्टेशनबाहेरच्या बाकावर बसून मी त्रिसरण-पंचशील ऐकलं. मधेच कॉलिंग कार्डावरची मिनिटं संपली.

शनिवारी दारावर टकटक झाली. उघडलं तर खालचे सॅक्सोफोनवादक उभे होते; बाबांचं मी त्यांना आदल्या दिवशी जिन्यात सांगितलं होतं. ते कधीच वर आले नव्हते. चौदा पायऱ्या चढून दम लागला होता; बसल्यावर त्यांनी इनहेलर घेतला.

मग म्हणाले, "माझी आई गेली तेव्हा सकाळी तार आली. त्याच दिवशी रेकॉर्डिंग होतं. बोटीने घरी पोचायला तीन आठवडे लागायचे. आणि स्टुडिओ दुपारपर्यंतच मिळाला होता."

"मग?"

"तार खिशात घातली आणि गेलो. कुणाला काही सांगितलं नाही. त्या चढत्या सुरापर्यंत आलो आणि श्वासच मिळेना. रडू फुटत होतं. तोंडातून वाद्य काढलं. पियानोवाल्याला वाटलं, मी मुद्दाम थांबलोय. तोही थांबला. तेवढ्यात मी सावरलो. नंतर सगळे म्हणाले, हाच टेक ठेवू."

मी विचारलं, "त्या मुलांना का नाही सांगितलंत?"

"सांगितलं तर तिथे रडायचं नाटक करतील. दोन मात्रा मोजून गप्प बसतात, तेच बरं." मग माझ्याकडे न बघता म्हणाले, "तिला पुरत होते तेव्हा मी इथे होतो, मुली. तू एकटी नाहीस."

गुरुवारपासून मी रडले नव्हते. तेव्हा रडले. ते उठले नाहीत, समजूतही घातली नाही. अंधार पडेपर्यंत बसून राहिले आणि मग कठडा धरून एकेक पायरी खाली उतरले.

पासपोर्ट आल्यावर मी दोन आठवडे नागपूरला जाऊन आले. परतले तेव्हा ते हॉस्पिटलात होते. चौथी रेकॉर्ड मी एकटीनेच उतरवली आणि सीडी नेऊन त्यांच्या उशाशी ठेवली. त्या हिवाळ्यात ते गेले.

खोली रिकामी करायला त्यांची मुलगी बर्मिंगहॅमहून आली. पन्नाशीची, शांत बाई. कॅसेटी पिशवीत भरताना तिने विचारलं, "बाबा आजीबद्दल कधी काही बोलले का? आम्हाला कधीच काही सांगितलं नाही."

सांगावं की नाही, कळेना. त्यांनी ते फक्त मला सांगितलं होतं. पण ती त्यांची मुलगी होती. मी सांगून टाकलं.

ती होती तिथेच खाली बसली. "लहानपणी ती रेकॉर्ड लागली की आम्ही त्या ठिकाणी हसायचो," ती म्हणाली. "आम्हाला वाटायचं, बाबा चुकले. तेही आमच्याबरोबर हसायचे."

ती गेल्यावर मी वर येऊन आईला फोन लावला. नागपूरला असताना बाबांच्या शेवटच्या दिवसाबद्दल मी तिला काहीच विचारलं नव्हतं, धीरच झाला नव्हता. आता विचारलं. आदल्या रात्री ते काय जेवले, कुणाशी बोलले, इथपासून तिने सुरुवात केली आणि बराच वेळ ती सांगत राहिली.